टर्कीच्या अंगावर करंजीची नक्षी

दिवाळीचा फराळ संपतो न संपतो तोच फीडवर टर्की दिसायला लागते. अख्खा भाजलेला, सोनेरी-तपकिरी पक्षी. त्याच्या छातीवर खरपूस पानं, वेणी घातलेल्या पट्ट्या, चिमुकली फुलं. झूम करून बघितलंत तर कळतं की ही सजावट कागदाची नाही की प्लास्टिकची नाही. चक्क मैद्याची आहे आणि खायची आहे!

‘आपल्याला काय त्याचं?’ म्हणून पुढे स्क्रोल करणार असाल, तर जरा थांबा. तुमच्या बॅचमधले दोघं-तिघं तरी ऑगस्टमध्ये एमएससाठी अमेरिकेला गेले असतील. पुढच्या वर्षी कदाचित तुमचा नंबर. तिथं नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी थँक्सगिव्हिंग असतं. कॅम्पस ओस पडतो, मेस बंद होते, रूममेट आपापल्या घरी जातात. चार दिवसांच्या सुट्टीसाठी मुंबईचं तिकीट काढणं कुणाला परवडतं? मग एखादा वर्गमित्र घरी जेवायला बोलावतो, नाहीतर मागे राहिलेली सगळी मंडळी मिळून ‘फ्रेंड्सगिव्हिंग’ करतात. आणि ग्रुपवर मेसेज पडतो, ‘तू काय आणतोयस?’

चिप्सचं पाकीट नेऊन कोपऱ्यात फोन बघत बसता येतं. किंवा सकाळीच जाऊन ओट्यापाशी उभं राहता येतं. घरापासून इतक्या लांब पहिला सण कसा जातो, ते बरंचसं यावर ठरतं. टर्की भाजण्याची जबाबदारी तुमच्यावर कुणी टाकणार नाही. पण तिच्यावरची नक्षी? ते काम तुम्हाला जवळजवळ येतंच. कसं, ते सांगतो. आधी या पक्ष्याची थोडी कुंडली.

हिंदी, पेरू की टर्की?

हा पक्षी मूळचा अमेरिका खंडातला. सोळाव्या शतकात तो युरोपात पोचला आणि नावांचा सावळागोंधळ सुरू झाला. इंग्रजांनी त्याला तुर्कस्तानचं नाव दिलं. तुर्की भाषेत तो ‘हिंदी’, म्हणजे हिंदुस्थानचा! फ्रेंच ‘दँद’चाही मूळ अर्थ ‘हिंदुस्थानातला’ असाच. पोर्तुगीज मात्र त्याला ‘पेरू’ म्हणतात. आपला पेरू मीठ-तिखट लावून खायचा, हे त्यांना कोण सांगणार!

आपल्या बाजूला हा पक्षी आला तो गोव्यातून. 1612 मध्ये मुकर्रब खानानं गोव्याहून जहांगीर बादशहासाठी ज्या नवलाईच्या वस्तू नेल्या, त्यांत टर्कीही होती. डोक्याचा आणि गळ्याचा रंग सरड्यासारखा बदलणारा हा पक्षी बघून बादशहा इतका चकित झाला, की त्यानं आपल्या आठवणींत त्याचं वर्णन लिहिलं आणि त्याचं चित्रही काढून घेतलं. उस्ताद मन्सूरनं काढलेली टर्की आज लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये आहे. थोडक्यात, अमेरिकेत कुणी ‘तुम्ही टर्की कधी पाहिली नसेल ना?’ असं विचारलं, तर तुमच्याकडे चारशे वर्षांपूर्वीचं उत्तर तयार आहे.

पाच पक्षी, पोतंभर पीठ

पक्षी आणि पेस्ट्री ही जोडी इन्स्टाच्या खूप आधीची. मध्ययुगीन युरोपात मांस पिठाच्या जाड, कडक कवचात भाजत. या कवचाला इंग्रजीत ‘कॉफिन’ म्हणायचे. त्या काळी त्याचा अर्थ नुसती पेटी असा होता. ना फॉइल, ना फ्रिज, ना टिफिन. मग पीठच भांडं व्हायचं.

याचा कळस म्हणजे यॉर्कशायरची ख्रिसमस पाय. हॅना ग्लास या इंग्रज बाईंनी 1747 मध्ये छापलेल्या पाककृतींच्या पुस्तकात ती सापडते. हाडं काढलेलं कबुतर तितराच्या आत, तितर कोंबडीत, कोंबडी हंसात आणि हंस टर्कीत! वरून किमान चार पौंड लोणी. बाहेरच्या कवचासाठी एक बुशेल पीठ, म्हणजे आजच्या हिशेबात पंचवीस किलोच्या आसपास. अशा पाय खोक्यात भरून लंडनला भेट म्हणून पाठवल्या जात, त्यामुळे भिंती भक्कम हव्यात, अशी सूचनाही बाईंनी दिली आहे. आपण आत्याकडे फराळाचा डबा पाठवतो ना, तसंच. फक्त डबाही पिठाचाच.

पुढे नेपोलियनच्या युद्धांच्या काळात इंग्लंडमध्ये गव्हाची टंचाई झाली. तेव्हा वेजवुडसारख्या कुंभारकामाच्या कंपन्यांनी हुबेहूब पेस्ट्रीसारखी दिसणारी मातीची भांडी काढली. झाकणावर भाजलेल्या पिठाच्या रंगाची पानं-वेली! पीठ नाही तर नाही, पण ताटाचा थाट सोडायचा नाही.

थँक्सगिव्हिंगची गोष्टही वाटते तितकी सरळ नाही. ज्या 1621 च्या जेवणाचा दाखला दिला जातो, त्याबद्दल एडवर्ड विन्स्लो यानं लिहिलेल्या पत्रात पक्षी आहेत, पाच हरणं आहेत, टर्कीचं नाव नाही. सण देशभर एकाच दिवशी साजरा व्हायला लागला तो अब्राहम लिंकनच्या 1863 च्या जाहीरनाम्यानंतर. आणि 1970 पासून प्लिमथमध्ये अमेरिकेचे मूळ रहिवासी हाच दिवस शोकदिन म्हणून पाळतात. जेवायला जाल तेव्हा एवढं माहीत असलेलं बरं.

चिरोटे येतात? मग झालं!

आता मुद्द्याचं. दिवाळीत आईला किंवा आजीला मदत केली असेल, तर अर्धी पेस्ट्री तुम्हाला कळलेली आहे. चिरोट्यात आपण पोळ्यांवर साटा लावतो, एकावर एक रचतो, गुंडाळी करून लाटतो. तळताना पदर सुटतात. पफ पेस्ट्रीत तूप-पिठाच्या साट्याऐवजी थंड लोणी असतं आणि पीठ पुन्हा पुन्हा घडी घालून लाटतात. ओव्हनमध्ये पाण्याची वाफ होते, ती पदर उचलते. तत्त्व तेच.

पण नक्षीसाठी पफ पेस्ट्री नको. ती फुगते आणि पानावरच्या रेषा गायब होतात. इथे हवी शॉर्टक्रस्ट, म्हणजे करंजीच्या पारीची चुलतबहीण. फरक एवढाच की करंजीत मोहन कडकडीत गरम, इथे लोणी थंडगार. प्रमाण लक्षात ठेवायला सोपं, 3:2:1. म्हणजे 300 ग्रॅम मैदा, 200 ग्रॅम लोणी, 100 ग्रॅम बर्फाचं पाणी, चवीला मीठ. लोणी बोटांच्या टोकांनी मैद्यात चोळा, रवाळ झालं की पाणी घालून गोळा करा. पोळीच्या कणकेसारखं मळत बसू नका, पेस्ट्री चिवट होईल. अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवा.

मग साधारण 3 मिलिमीटर जाड लाटा. सुरीनं पानं कापा, सुरीच्या बोथट बाजूनं शिरा काढा. करंजी कापायची फिरकी असेल तर कडा अशा देखण्या होतात की बघणारे विचारतील, हे कुठून आणलंस? तीन पट्ट्यांची वेणी घाला. मुरड येत असेल तर ती लांब पट्टीच्या कडेला घाला, तिथं ती कुणी पाहिलेलीच नसते. कापलेले तुकडे पुन्हा पंधरा मिनिटं फ्रिजमध्ये. मग वरून फेटलेलं अंडं किंवा दूध लावून 200 अंश सेल्सिअसला 12 ते 15 मिनिटं भाजा.

सगळा खेळ घड्याळाचा

फोटो बघून वाटतं, कच्ची पानं टर्कीवर चिकटवली आणि दोन्ही एकदम भाजलं. पहिल्याच खेपेला हे करू नका. साडेपाच-सहा किलोची टर्की 325 अंश फॅरनहाइटला भाजायला तीन ते पावणेचार तास घेते. पानं पंधरा मिनिटांत होतात. एकत्र ठेवलं तर पानांचा कोळसा होणार. शेवटी शेवटी ठेवलं, तर गरम कातडीवर लोणी वितळून पानं घसरणार आणि खालच्या वाफेनं लिबलिबीत होणार. आणि पक्षी बाहेरून सोनेरी दिसतो म्हणून आतून शिजला असं मुळीच नाही.

म्हणून दोन्ही कामं वेगळी ठेवा. फॉइलचे बोळे करून त्यांवर पानं भाजा, म्हणजे त्यांना पक्ष्याच्या छातीसारखा बाक येतो. टर्की ओव्हनमधून काढून अर्धा तास मुरू द्या. टेबलावर नेण्याच्या पाच मिनिटं आधी मधाच्या किंवा घट्ट ग्रेव्हीच्या ठिपक्यानं पानं बसवा. टूथपिक टोचू नका, कुणाच्या तरी घासात जाईल. फोटो काढून झाले की आधी पानं उतरवा आणि मग मांस कापा.

भाजणाऱ्या मित्राला या गोष्टींची आठवण करून द्या:

- गोठवलेली टर्की फ्रिजमध्येच विरघळवायची. दर चार-पाच पौंडांना एक दिवस धरा. म्हणजे गुरुवारच्या जेवणाची तयारी सोमवारीच सुरू.
- आपल्याकडे चिकन धुतात, तशी ती सिंकमध्ये धुवायची नाही. उडणाऱ्या पाण्यासोबत जंतू ओटाभर पसरतात.
- थर्मामीटर हवाच. मांडीच्या आतल्या भागात आणि छातीच्या सगळ्यात जाड भागात 165 अंश फॅरनहाइट, म्हणजे 74 अंश सेल्सिअस दिसल्याशिवाय ओव्हन बंद करायचा नाही.

मी व्हेज आहे, माझं काय?

मग तर हे काम तुमचंच! मैदा, लोणी, पाणी यात मांस कुठे आलं? अंड्याऐवजी दूध किंवा क्रीम लावा, चमक थोडी कमी येईल इतकंच. पानांचा दुसरा ट्रे वेगळा भाजा आणि तो पक्ष्यापासून लांब ठेवा. भाजलेल्या लाल भोपळ्याच्या भाजीवर ती पानं तितकीच शोभतात.

मात्र दुकानातली तयार पेस्ट्री आणणार असाल तर पाकिटावरची बारीक अक्षरं वाचा. काही पाय क्रस्टमध्ये ‘लार्ड’ असतं, म्हणजे डुकराची चरबी. तुम्हाला चालत असेल, पण टेबलावर मुसलमान मित्र असेल, ज्यू प्रोफेसर असतील, शेजारची जैन मैत्रीण असेल. नक्षी ज्यानं केली, त्यालाच तिच्यात काय आहे ते विचारणार. त्या प्रश्नाचं उत्तर बिनधास्त देता आलं पाहिजे.

जायला अजून वर्ष आहे? उत्तम. येत्या दिवाळीत करंज्या करताना नुसता सारण भरायला बसू नका, कापायला आणि मुरड घालायला बसा. आई ओरडेल, पहिल्या दहा फुटतील, अकरावी जमेल. आणि बॅग भरताना लोणच्याच्या बरणीशेजारी ती फिरकी टाका. चेक-इनच्या बॅगेत हं, केबिनच्या नको!