तयार कपड्यांच्या व्यापारातील सामाजिक दायित्व : आश्वासन आणि बंधन

उद्योगाचे सामाजिक दायित्व या विषयावर अलीकडे पुष्कळ लिहिले जाते. आणि फॅशनच्या, म्हणजे दर हंगामास नवी धाटणी बाजारात आणणाऱ्या तयार कपड्यांच्या धंद्याविषयी तर अधिकच. या लेखनात बहुधा उद्योगपतीच्या सदिच्छेचा विचार असतो : तो कामगारांशी न्यायाने वागतो किंवा नाही, नदीचे पाणी नासवतो किंवा नाही, आणि या गोष्टींची त्यास कितपत आस्था आहे. प्रस्तुत लेखात हाच प्रश्न थोड्या निराळ्या बाजूने मांडावयाचा आहे. दायित्व हे एक नाते आहे. ते कोणाचे तरी असते आणि कोणाविषयी तरी असते. तेव्हा ज्याच्याविषयी ते असते त्यास ते हक्काने मागता येते किंवा नाही, हा प्रश्न सदिच्छेच्या प्रश्नाहून अधिक मूलभूत होय. बांगलादेशातील कपड्यांच्या कारखान्यांत २०१३ नंतर जे घडले, त्याच्या आधारे या प्रश्नाचा येथे विचार केला आहे.

१. धंद्याची घडण

प्रथम या धंद्याची रचना पाहिली पाहिजे. तिचे वेगळेपण कापड गिरणीशी तुलना केली असता स्पष्ट होते. मुंबईत १८८४ साली नारायण मेघाजी लोखंडे यांनी गिरणी कामगारांच्या सभा भरविल्या आणि साप्ताहिक सुट्टीची मागणी पुढे आणली. १८९० मध्ये गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. हा लढा सोपा नव्हता. परंतु मागणी कोणाकडे करावयाची याविषयी मात्र कामगारांच्या मनात संदेह नव्हता. गिरणी ज्याची, कामगार ज्याचा, नफाही त्याचाच. मालक व कामगार एकाच शहरात राहत होते आणि एकाच कायद्याखाली येत होते.

तयार कपड्यांच्या धंद्यात या तिन्ही गोष्टी एकमेकींपासून अलग झाल्या आहेत. युरोप-अमेरिकेतील ज्या कंपनीच्या नावाने कपडा विकला जातो, तिच्या मालकीचे शिवणयंत्र बहुधा एकही नसते. कपड्याचा नमुना ठरविणे, किंमत ठरविणे, जाहिरात व विक्री करणे ही कामे ती आपल्याकडे ठेवते. शिवणकाम परदेशी कारखानदाराकडे सोपविते. तो कारखानदार मागणी अंगावर आली की तिचा काही भाग पोटठेकेदाराकडे देतो. यंत्रावर बसलेली कामगार स्त्री आणि कपडा विकणारी कंपनी यांच्यात कायद्याच्या दृष्टीने कोणताच करार नसतो. त्यांच्यामध्ये असते ती केवळ खरेदीविक्रीची साखळी.

तथापि या साखळीतील सत्ता कोणाच्या हाती आहे हे उघड आहे. शिवणकामास भांडवल थोडे लागते व मनुष्यबळ पुष्कळ. म्हणून हा धंदा एका देशातून दुसऱ्या देशात सहज हलविता येतो. खरेदीदार थोडे आणि कारखानदार अनेक, अशी स्थिती असल्यामुळे भाव व मुदत खरेदीदार ठरवितो. फॅशनचा हंगाम जसजसा आखूड होत गेला तसतशी मुदतही आखूड झाली. माल वेळेवर न गेल्यास विमानाने पाठविण्याचा खर्च कारखानदारावर पडतो. तो टाळण्यासाठी तो कामगारांकडून जादा तास काम करून घेतो. अशा रीतीने लंडन किंवा न्यूयॉर्क येथील दुकानाची घाई ढाक्याच्या कामगाराच्या दिवसात उतरते.

बांगलादेशात हा धंदा १९७० नंतरच्या दशकाच्या अखेरीस सुरू झाला. त्या काळी बहुतंतू करारान्वये (१९७४ ते २००४) श्रीमंत देशांनी निरनिराळ्या देशांच्या कपड्यांच्या आयातीवर मर्यादा घातल्या होत्या. ज्या देशांवर अशी मर्यादा नव्हती, तिकडे कारखाने वळले. आज त्या देशाच्या निर्यात उत्पन्नापैकी चार पंचमांशांहून अधिक उत्पन्न तयार कपड्यांचे आहे, आणि लक्षावधी ग्रामीण स्त्रियांना रोख वेतनाचे काम प्रथम मिळाले ते याच धंद्यात. हा धंदाच बंद पडावा असे तेथील कामगारांच्या संघटनांना म्हणूनच वाटत नाही. तो कोणत्या अटींवर चालावा, एवढाच त्यांचा प्रश्न आहे.

२. एक जुना तोडगा

ही रचना आपण समजतो तितकी नवी नाही. विसाव्या शतकाच्या आरंभी न्यूयॉर्क शहरातही कपड्यांचे व्यापारी शिवणकाम लहानमोठ्या ठेकेदारांकडे सोपवीत असत. त्याच शहरात २५ मार्च १९११ रोजी ट्रँगल कंपनीच्या कारखान्यास आग लागून १४६ कामगार मृत्यू पावले. त्यांत बहुसंख्य तरुण स्त्रिया होत्या, आणि बाहेर पडण्याचे एक दार कुलूपबंद होते. त्यानंतर न्यूयॉर्क राज्याने चौकशी आयोग नेमून कारखान्यांच्या सुरक्षिततेचे अनेक कायदे केले.

परंतु ठेकेदारीचा प्रश्न केवळ या कायद्यांनी सुटला नाही. व्यापारी भाव पाडी आणि ठेकेदार ती घट कामगारांच्या वेतनातून भरून काढी. म्हणून स्त्रियांच्या कपड्यांच्या धंद्यातील कामगार संघटनेने थेट व्यापाऱ्याशी करार करण्याचा मार्ग धरला. त्यान्वये व्यापाऱ्याने संघटनेस मान्य असलेल्या ठेकेदारांकडेच काम द्यावयाचे आणि ठरलेले वेतन देता येईल असा भाव ठेकेदारास द्यावयाचा, असे बंधन त्याच्यावर येई. ज्याच्या हाती भाव ठरविण्याची सत्ता आहे त्याच्यावरच दायित्व टाकावयाचे, हे या करारांचे तत्त्व होय. धंदा अमेरिकेबाहेर गेला तेव्हा हे करार मागे राहिले.

३. आचारसंहितांचा काळ

त्यांची जागा १९९० नंतरच्या दशकात स्वेच्छेने स्वीकारलेल्या आचारसंहितांनी घेतली. बालमजुरी, सक्तीची मजुरी व धोकादायक इमारती यांना आमच्या मालाच्या उत्पादनात स्थान नाही, असे कंपन्यांनी जाहीर केले आणि कारखान्यांच्या तपासणीसाठी खासगी संस्था नेमल्या. यांतील काही प्रयत्न प्रामाणिक होते यात शंका नाही. परंतु त्यांच्या रचनेतच तीन उणिवा होत्या. तपासणीचा खर्च कंपनी किंवा स्वतः कारखानदार देत असे. अहवाल कामगारास किंवा जनतेस पाहावयास मिळत नसे. आणि दोष आढळला तरी तो दूर करण्यास कोणी कायद्याने बांधलेला नसे.

या उणिवांचा परिणाम कराची येथे दिसून आला. अली एंटरप्रायझेस या कारखान्यास ११ सप्टेंबर २०१२ रोजी लागलेल्या आगीत २५० हून अधिक कामगार मरण पावले. ही आग हेतुपुरस्सर लावली गेली, असा निर्णय तेथील न्यायालयाने २०२० मध्ये दिला. तथापि इतकी माणसे दगावली याचे कारण बंद दारे व गजांच्या खिडक्या हेही होते; आणि या कारखान्यास आगीपूर्वी काही आठवडेच एका आंतरराष्ट्रीय मानकाचे प्रमाणपत्र मिळाले होते. कारखान्याचा बहुतांश माल घेणाऱ्या जर्मन कंपनीविरुद्ध काही पीडितांनी डॉर्टमुंड येथील न्यायालयात दावा लावला. तो २०१९ मध्ये मुदतीच्या कारणावरून फेटाळला गेला, आणि खरेदीदाराच्या दायित्वाचा मूळ प्रश्न अनिर्णित राहिला.

४. राणा प्लाझा आणि करार

ढाक्याजवळ सावर येथे राणा प्लाझा नावाची आठ मजली इमारत होती. तिचे वरचे मजले परवानगीवाचून चढविलेले होते. इमारत दुकाने व कचेऱ्या यांसाठी बांधलेली असता तीत कपड्यांचे पाच कारखाने चालत, आणि वरच्या मजल्यांवर वीजनिर्मितीची अवजड यंत्रे बसविली होती. २३ एप्रिल २०१३ रोजी भिंतींना व खांबांना तडे गेलेले दिसले. खालच्या मजल्यावरील बँकेने आपली माणसे काढून घेतली. कारखान्यांतील कामगारांना मात्र दुसऱ्या दिवशी सकाळी कामावर बोलावण्यात आले. न आल्यास वेतन बुडण्याचे भय होते, आणि नकार देण्यासाठी पाठीशी संघटना नव्हती. त्या सकाळी इमारत कोसळली. १,१३० हून अधिक माणसे मेली व सुमारे अडीच हजार जखमी झाली.

यातील दोन गोष्टी अभ्यासकाने विशेष ध्यानात घेण्यासारख्या आहेत. पहिली ही की, या इमारतीतील काही कारखान्यांची सामाजिक तपासणी पूर्वी झालेली होती. परंतु इमारतीचा भक्कमपणा पाहणे हा त्या तपासणीचा विषयच नव्हता. दुसरी ही की, कोणत्या कंपन्यांचा माल तेथे शिवला जात होता हे दाखविण्यासाठी कार्यकर्त्यांना ढिगाऱ्यातून कपड्यांवरील नावांच्या चिठ्ठ्या गोळा कराव्या लागल्या. दायित्वाचा पुरावा जेथे ढिगाऱ्यातून उकरावा लागतो, तेथे ते दायित्व कागदावर कितीही सुंदर लिहिलेले असले तरी त्याचा कामगारास उपयोग नाही.

पीडितांसाठी आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेच्या देखरेखीखाली निधी उभारण्यात आला. ३ कोटी डॉलरांचे उद्दिष्ट पुरे होण्यास जून २०१५ उजाडले, कारण देणग्या ऐच्छिक होत्या. याउलट सुरक्षिततेविषयीचा करार दुर्घटनेनंतर तीन आठवड्यांत, मे २०१३ मध्ये झाला. एका बाजूस कपड्यांच्या कंपन्या व दुसऱ्या बाजूस इंडस्ट्रीऑल आणि युनी हे दोन जागतिक कामगार महासंघ व बांगलादेशातील संघटना, असे त्याचे पक्षकार होते. पुढे २०० हून अधिक कंपन्यांनी त्यावर सह्या केल्या आणि सोळाशेंहून अधिक कारखाने त्याच्या कक्षेत आले.

या कराराची कलमे पूर्वीच्या आचारसंहितांशी ताडून पाहण्याजोगी आहेत. कारभार पाहणाऱ्या समितीत कंपन्या व कामगार संघटना यांना समान जागा होत्या आणि अध्यक्षपद आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेकडे होते. तपासणी स्वतंत्र अभियंते करीत व त्यांचे अहवाल प्रसिद्ध होत. धोक्याची शंका आल्यास काम नाकारण्याचा हक्क कामगारास मान्य केला होता. दुरुस्ती न करणाऱ्या कारखान्याशी व्यवहार थांबविणे कंपनीस भाग होते. आणि दुरुस्ती परवडेल अशा व्यापारी अटी कारखान्यास देणेही तिच्यावर बंधनकारक होते. अखेरीस, मतभेद झाल्यास तो लवादापुढे नेता येई आणि लवादाचा निर्णय कंपनीच्या स्वतःच्या देशातील न्यायालयामार्फत अमलात आणता येई.

पहिल्या फेरीत, सप्टेंबर २०१४ पर्यंत, अभियंत्यांनी १,१०६ कारखाने तपासून ८०,००० हून अधिक दोष नोंदविले : कुलूप लागणारी दारे, उघड्या वीजतारा, भार न पेलणारे खांब. पाच वर्षांची मुदत संपेपर्यंत आरंभी आढळलेल्या दोषांपैकी बहुतांश दूर झाले होते. लवादाचे कलमही नुसते शोभेचे ठरले नाही. महासंघांनी २०१६ मध्ये दोन कंपन्यांविरुद्ध हेग येथील कायम लवाद न्यायालयात तक्रारी नेल्या. दोन्ही प्रकरणी तडजोड झाली, आणि त्यांपैकी एका कंपनीने २३ लाख डॉलर देण्याचे मान्य केले. जून २०२० मध्ये बांगलादेशातील काम एका नव्या परिषदेकडे गेले. तीत कारखानदार, कंपन्या व कामगार संघटना या तिघांनाही स्थान आहे. कंपन्या व महासंघ यांच्यातील बंधनकारक करार सप्टेंबर २०२१ पासून आंतरराष्ट्रीय स्वरूपात पुढे चालू राहिला, आणि पुढे पाकिस्तानातही त्याचा विस्तार झाला.

५. कराराच्या मर्यादा

तथापि या कराराने सर्व प्रश्न सोडविले असे समजणे चूक होईल. त्याचा विषय सुरक्षितता हा होता. वेतन हा नव्हता. बांगलादेशातील या धंद्याचे किमान मासिक वेतन २०१३ अखेर ५,३०० टका, २०१८ मध्ये ८,००० टका व २०२३ मध्ये १२,५०० टका असे वाढले. परंतु प्रत्येक वेळी कामगारांची मागणी याहून पुष्कळ अधिक होती. उलट, पेन्सिल्व्हेनिया स्टेट विद्यापीठातील मार्क ॲनर यांनी २०१८ च्या अभ्यासात दाखविल्याप्रमाणे, खरेदीदार देत असलेला भाव राणा प्लाझानंतरच्या वर्षांत घटतच गेला होता. म्हणजे सुरक्षिततेचे ओझे वाढले आणि ते वाहण्याचे साधन कमी झाले. परवडणाऱ्या अटींचे कलम करारात होते खरे. परंतु परवडणारा भाव म्हणजे किती, हे मोजण्याची रीत त्यात नव्हती.

सत्ता कोणाकडे आहे हे २०२० च्या महामारीत पुन्हा प्रत्ययास आले. तेथील कारखानदार-निर्यातदारांच्या संघटनेच्या नोंदीप्रमाणे ३ अब्ज डॉलरांहून अधिक किमतीच्या मागण्या रद्द किंवा स्थगित झाल्या. त्यांत शिवून तयार असलेला मालही होता.

पर्यावरणाच्या प्रश्नातही हीच गाठ आढळते. याचे उदाहरण आपल्याच देशात, तमिळनाडूतील तिरुप्पूर येथे सापडते. निर्यातीच्या होजिअरीसाठी तेथे चालणाऱ्या रंगशाळांच्या सांडपाण्याने नोय्यल नदी व तिच्या काठची शेती नासली. शेतकऱ्यांनी दाद मागितली. आणि सांडपाणी नदीत मुळीच सोडू नये ही अट पाळली न गेल्यामुळे मद्रास उच्च न्यायालयाने जानेवारी २०११ मध्ये रंगशाळा बंद करण्याचा आदेश दिला. त्यानंतर पाणी शुद्ध करून पुन्हा वापरण्याची यंत्रणा तेथे मोठ्या प्रमाणावर उभी राहिली. येथेही काम झाले ते बंधनामुळे. परंतु हे बंधन स्थानिक रंगशाळांवर पडले. त्यांच्या रंगाचा कपडा विकत घेणाऱ्या परदेशी कंपन्या न्यायालयाच्या कक्षेबाहेरच राहिल्या.

६. उपसंहार

खरेदीदाराच्या देशातील कायदा ही पोकळी भरून काढू शकेल काय, हा आता विचाराचा विषय झाला आहे. फ्रान्सने मार्च २०१७ मध्ये मोठ्या कंपन्यांवर आपल्या पुरवठादारांच्या बाबतीत दक्षता बाळगण्याचे कर्तव्य घातले व कसूर झाल्यास दिवाणी दायित्वाची तरतूद केली. जर्मनीचा कायदा २०२१ मध्ये संमत होऊन २०२३ च्या आरंभी अमलात आला. परंतु त्याच्या भंगामुळे नवे दिवाणी दायित्व उत्पन्न होत नाही, असे त्यातच नमूद आहे. हा फरक लहान दिसला तरी प्रस्तुत विवेचनाच्या दृष्टीने तोच निर्णायक होय. पहिल्या कायद्यात पीडितास दाद मागता येते; दुसऱ्यात मुख्यतः शासनच कंपनीस जाब विचारू शकते.

तात्पर्य, फॅशनच्या धंद्यातील कोणत्याही सामाजिक दायित्वाच्या घोषणेची परीक्षा चार प्रश्नांनी करता येईल. तपासणी करणारा कोणास उत्तरदायी आहे? त्याचा अहवाल कामगारास वाचावयास मिळतो काय? वचनभंग झाल्यास दाद कोणास व कोठे मागता येते? आणि सुधारणेचा खर्च कपड्याच्या भावात धरला आहे काय? राणा प्लाझानंतरच्या कराराने पहिल्या तीन प्रश्नांची उत्तरे दिली. चौथ्याचे अर्धेच दिले. अभ्यासकांनी यापुढे आपले लक्ष कंपन्यांच्या वार्षिक अहवालांवरून काढून कंपनी व कारखानदार यांच्यातील खरेदीपत्राकडे वळविले पाहिजे. कामगाराचे वेतन, इमारतीचा खांब आणि नदीचे पाणी या तिहींचे भवितव्य त्या खरेदीपत्रात भावाचा आकडा लिहिला जातो तेव्हाच बहुतांशी ठरलेले असते.