कुत्र्याच्या वाट्याचा घास

नरकचतुर्दशीच्या पहाटे आपल्या घरांत उटण्याचा घमघमाट सुटलेला असतो. अंगणात कारीट फुटतात, फराळाची ताटे मांडली जातात. त्याच दिवशी नेपाळात कुत्र्याच्या कपाळी टिळा लावतात, गळ्यात झेंडूची माळ घालतात आणि त्याला पोटभर खाऊ घालतात. 'कुकुर तिहार' असे त्या सणाचे नाव. आपल्याकडचा बिचारा कुत्रा मात्र त्या वेळी फटाक्यांना भेदरून पलंगाखाली दडलेला असतो!

म्हणून आपल्याला कुत्र्याचे कौतुक नाही असे मात्र नव्हे. धर्मराजाने सोबतच्या कुत्र्याला टाकून स्वर्गात जायचे नाकारले, ही गोष्ट आपण आजीच्या मांडीवर ऐकली. दत्ताच्या तसबिरीत चार कुत्री असतात, खंडोबाच्या घोड्याजवळही कुत्रा असतो. गाईकावळ्यांबरोबर कुत्र्यासाठीही घास काढून ठेवण्याची चाल जुन्या घरांतून होती. त्याची जागा उंबऱ्याबाहेर खरी, पण घरच्या अन्नात त्याचा वाटा होता.

हा वाटा किती जुना? १९१४ साली जर्मनीत बॉन शहराजवळ ओबरकासेल येथे दगडाच्या खाणीत एक थडगे सापडले. त्यात एक पुरुष, एक स्त्री आणि सहासात महिन्यांचे कुत्र्याचे पिल्लू होते. थडगे सुमारे चौदा हजार वर्षांपूर्वीचे! शेती अजून सुरू व्हायची होती. गाय आणि घोडा माणसाळायला अजून हजारो वर्षे होती. पिल्लाच्या दातांवरून शास्त्रज्ञांनी २०१८ साली असा निष्कर्ष काढला, की त्याला डिस्टेंपरचा जबर आजार झाला होता आणि कुणी शुश्रूषा केल्यावाचून ते त्यात इतके दिवस तगलेच नसते. आजारी पिल्लाचा शिकारीला काय उपयोग? तरीही कुणीतरी त्याच्या तोंडी पाणी घातले, त्याला ऊब दिली. उपयोगाच्या पलीकडची माया तेव्हापासूनची आहे.

या मायेपायी आपल्या मुंबईत एकदा दंगलही झाली होती. कंपनी सरकारच्या काळात उन्हाळ्यात भटकी कुत्री मारण्याचा हुकूम असे. १८३२ साली ही मोहीम फार कडक झाली. दर कुत्र्यामागे आठ आणे इनाम! पैशाच्या लोभाने मारेकरी लोकांच्या आवारांत शिरून पाळलेली कुत्रीही ओढून नेऊ लागले. ६ जूनला पारशी लोकांचा पवित्र दिवस होता. नेमक्या त्याच दिवशी कोटात कुत्री पकडणे चालू राहिले, तेव्हा लोकांचा संयम सुटला. जमावाने शिपायांना चोप दिला. दुसऱ्या दिवशी बाजार बंद! पारशांबरोबर हिंदू, जैन आणि मुसलमान दुकानदारही त्यात उतरले. कुलाब्याच्या गोऱ्या पलटणीचे पाव आणि पाणी अडले, तसे सरकार जागे झाले. लष्कर आले, धरपकड झाली.

पारशांच्या संतापाला धर्माचेही कारण होते. मृतदेहाला कुत्र्याची नजर लागली पाहिजे, अशी त्यांची चाल आहे. तिला 'सगदीद' म्हणतात. त्यासाठी डोळ्यांवर दोन ठिपके असलेला 'चार डोळ्यांचा' कुत्रा पसंत केला जाई. आपल्या ऋग्वेदातले यमाचे कुत्रेही चार डोळ्यांचेच, हे ऐकून वाचकांना नवल वाटेल!

पुढे सर जमशेटजी जीजीभाई प्रभृती मातबरांनी सरकारला अर्ज केला. कुत्री मारण्याऐवजी गावाबाहेर नेऊन सोडावीत, असे त्यात सुचवले होते. वाद मात्र तिथे संपला नाही. २०२५ साली सर्वोच्च न्यायालयाने दिल्ली परिसरातील सारी भटकी कुत्री उचलून निवाऱ्यात ठेवण्याचा हुकूम ऑगस्टमध्ये दिला. देशभर गदारोळ उठला. अकरा दिवसांतच तो हुकूम बदलला. नसबंदी आणि लसीकरण करून कुत्री जागच्या जागी सोडावीत, पिसाळलेली व चावरी मात्र सोडू नयेत, असे ठरले. नोव्हेंबरात पुन्हा शाळा, इस्पितळे आणि स्थानके यांच्या आवारांतून ती हलवण्यास न्यायालयाने सांगितले. जवळजवळ दोनशे वर्षांनी प्रश्न तोच आहे!

भिणाऱ्यांना दोष देता येत नाही. पिसाळरोगाची लक्षणे एकदा दिसू लागली, की रोगी बहुधा दगावतोच. चाळीतल्या जिन्याखाली बसलेल्या कुत्र्याला कुणी प्रेमाने पोळी घालते. त्याच जिन्यावरून कुणाचे तरी पोर शाळेत जाते. त्या पोराच्या आईची धास्तीही खरीच असते. पण या रोगाला लस आहे, कुत्र्यासाठीही आणि माणसासाठीही. कुत्रा चावला तर जखम साबणाने वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटे धुवावी आणि तडक दवाखाना गाठावा. हळद-चुन्याच्या भरीस पडू नये.

तेव्हा पोळी घालणाऱ्याने एवढ्यावर थांबू नये. चाळीतल्या चार बिऱ्हाडांनी वर्गणी काढली, तर दारच्या कुत्र्याला दरसाल लस टोचणे काही जड नाही. नसबंदीसाठी पालिकेकडे किंवा एखाद्या प्राणिसंस्थेकडे नाव नोंदवता येते. हौसेने विलायती पिल्लू आणणाऱ्यांनीही विचार करावा. ते दहाबारा वर्षे घरात राहणार. बदली झाली, बाळ जन्मले, पिल्लू म्हातारे झाले, म्हणून त्याला रस्त्यावर सोडायचे असेल, तर मुळात आणूच नये. घरात वाढलेल्या कुत्र्याला गल्लीतले जगणे येत नाही.

आणि या दिवाळीत एवढे करावे: कुत्र्याचे कान आपल्यापेक्षा फार तिखट, आपल्याला ऐकू न येणारे आवाजही त्याला ऐकू येतात. संध्याकाळी फटाके सुरू होण्याआधी त्याला फिरवून आणावे, खिडक्या लावून आतल्या खोलीत जवळ घेऊन बसावे. मुलांनी त्याच्या शेपटीला माळ बांधण्याचा चावटपणा केला, तर तिथल्या तिथे कान धरावा. फराळातला चिवडा-चकली मात्र त्याला देऊ नये. तिखटमीठ त्याला सोसत नाही. त्याच्या वाट्याला साधा दहीभात पुरे.