सेव्हर्नड्रूग म्हणजे आपला सुवर्णदुर्ग

इंग्रजी कोशात ‘ग्रॅब’ काढला की झडप घालणं, हिसकावणं असे अर्थ ओळीनं येतात. मोठ्या कोशात मात्र याच स्पेलिंगची आणखी एक नोंद सापडते: पूर्वेकडच्या समुद्रातलं एक जहाज. उच्चार तोच. आंग्र्यांच्या आरमाराच्या गोष्टी ऐकलेल्या रत्नागिरीकराला ही गुराब आहे हे सांगावं लागू नये. मूळ अरबी ‘घुराब’, म्हणजे चक्क कावळा. अठराव्या शतकातला इतिहासकार रॉबर्ट ऑर्म तिचं नेमकं वर्णन करतो. दोन डोलकाठ्यांची गुराब सुमारे १५० टनांची, तीन डोलकाठ्यांची ३०० टनांची. लांब निमुळत्या नाकावरून थेट समोर मारा करणाऱ्या दोन तोफा. शिकारीवर धावून जाणाऱ्या जहाजाचं नाव ‘ग्रॅब’ व्हावं, हा योगायोगही झकास!

तिची जोडीदारीण ‘गॅलिव्हॅट’. ही फार तर ७० टनांची, चाळीस-पन्नास वल्ह्यांची. वारा पडला की गॅलिव्हॅटी गुराबांना ओढून नेत. शब्दाचं मूळ पोर्तुगीज असावं असं मानतात, पण आपल्या ‘गलबता’शी असलेलं नातं कानालाच कळतं.

असे शब्द गोळा करण्याचं मोठं काम हेन्री यूल आणि ए. सी. बर्नेल यांनी केलं. त्यांचा ‘हॉब्सन-जॉब्सन’ हा कोश १८८६ साली निघाला. नावच गमतीचं: मोहरममधल्या ‘या हसन, या हुसेन’ या घोषाचं गोऱ्या शिपायांनी केलेलं हे रूप. याच कोशात ‘ड्रूग’ भेटतो. अर्थ डोंगरी किल्ला, म्हणजे आपला दुर्ग.

या ड्रूगचा सर्वात लांबचा प्रवास हर्णैहून झाला. एप्रिल १७५५ मध्ये कमोडोर विल्यम जेम्स यानं तुळाजी आंग्र्यांचा सुवर्णदुर्ग घेतला. जेम्स १७८३ साली वारला आणि पुढच्याच वर्षी त्याच्या पत्नीनं लंडनच्या शूटर्स हिलवर ६३ फुटी त्रिकोणी मनोरा उभारला. नाव ‘सेव्हर्नड्रूग कॅसल’. सेव्हर्न ही इंग्लंडातली नदी, त्यामुळे निम्मं नाव तिकडच्यांना घरचंच वाटावं. मनोरा आजही उभा आहे आणि लोक तो बघायला जातात. दापोली तालुक्यातल्या जलदुर्गाचं नाव आपण उच्चारतो आहोत, हे त्यातल्या किती जणांना ठाऊक असेल कोण जाणे.

लढाईशी संबंध नसलेले शब्दही गेले. ‘माँगूस’ हे मराठी मुंगूसच. स्पेलिंगच्या शेवटी ‘गूस’, म्हणजे हंसाच्या जातीचा पक्षी, उगाच येऊन बसलाय. तरी अनेकवचन ‘गीस’सारखं न करता बहुतेक कोश ‘माँगूसेस’च देतात. आणि ‘बमलो’? मिरकरवाड्यावर या नावानं मासळी मागितली तर कोळीण तोंडाकडे बघत राहील. काही कोशकारांच्या मते हा आपला बोंबील. वाळवला की इंग्रजीत तो ‘बॉम्बे डक’ होतो, आणि मग नवख्या साहेबाला ताटात बदक शोधावं लागतं.