विहिरीत बघून पेरणारं घर

पहाटे ३.४५

माण तालुका. दहिवडी-म्हसवड रस्ता सोडून आत गेलं की लागणारं एक गाव. फेब्रुवारीचा शेवटचा आठवडा. या आठवड्यात शेतीची लाईट रात्रीची आहे, दहा ते सहा. तात्या खोपीतून उठतात. डोक्याला मफलर, एका हातात बॅटरी, दुसऱ्या हातात काठी. काठी जनावरासाठी. पाणी दिलेल्या रानात साप गारव्याला येतो.

विहीर सामाईक आहे. एक रात्र तात्यांची, एक रात्र चुलतभाऊ आबांची. आज तात्यांची पाळी. लाईट दहालाच आली होती, पण मोटर त्यांनी आत्तापर्यंत बंद ठेवली. "झऱ्याला जरा भरू द्यावं."

पेटीतलं हिरवं बटण दाबतात आणि कान देऊन उभे राहतात. पाच अश्वशक्तीची मोटर. आवाज जड झाला म्हणजे पाणी उचललं.

पहाटे ४.००

रान अडीच एकर. एक एकर शाळू (रब्बी ज्वारी), अर्धा एकर डाळिंब, दोन गुंठे घास. उरलेलं पडीक. पडीक रान आळसानं ठेवलेलं नाही, हिशेबानं ठेवलेलं आहे. तो हिशेब दिवसभर कळत जातो.

डाळिंबाची १५५ झाडं. लागण चौदा बाय दहा फुटांवर. प्रत्येक झाडाला चार ड्रिपर, एका ड्रिपरमधून तासाला चार लिटर. दीड तास चालवलं की झाडाला २४ लिटर मिळतं. सगळ्या बागेचं मिळून पावणेचार हजार लिटरच्या आत. मोटर त्याच्या कितीतरी पट पाणी उचलते. म्हणून तात्या व्हॉल अर्धा फिरवून उरलेलं पाणी घासाच्या पाटाला सोडतात.

तिकडे घरच्या मालकीण आक्का खोरं घेऊन उभ्या आहेत. साडी गुडघ्यापर्यंत खोचलेली, पाय चिखलात. वाफा भरला की दोन खोरी माती टाकून त्याचं तोंड बुजवायचं, पुढच्याचं फोडायचं. दारं धरणं म्हणतात ते हेच. फेब्रुवारीतली पहाट माणात चांगली गार असते. आक्का बोलत नाहीत, वाफ्याच्या शेवटच्या टोकाला पाणी पोचलं का तेवढं बघतात.

पहाटे ४.५०

तात्या बागेतून नळ्या तपासत फिरतात. बॅटरीचा झोत जमिनीवर. एका ठिकाणी कारंजं उडतंय. खारीनं नळी कुरतडली आहे. खिशात ब्लेडचा तुकडा आणि दोन-चार जॉइनर कायम असतात. कापायचं, दोन्ही टोकं दाबून बसवायची. तीन रुपयांचं काम. नाही केलं तर त्या ओळीतली पुढची झाडं रात्रभर उपाशी.

सकाळी ६.००

लाईट जाते. आक्का विहिरीवर येतात. काठावरच्या खुंटीला दोरी आहे, खाली दगड बांधलेला, दर फुटाला गाठ. दोरी तळाला टेकवून वर ओढायची आणि ओल्या गाठी मोजायच्या. मोटर चालू करण्याआधी १३ फूट पाणी होतं. आता पावणेबारा.

विहीर २४ फूट रुंद, गोल. अशा विहिरीत एक फूट पाणी म्हणजे पावणेतेरा हजार लिटर. आक्कांच्या भाषेत एक टँकर. आजचा खर्च सव्वा टँकर. त्यातला एक टँकर दोन गुंठे घासानं घेतला. वीस गुंठे बागेला पाव टँकरपेक्षा थोडं जास्त लागलं. घासाला पाणी आठ दिवसांतून एकदा, बागेला एक दिवसाआड. म्हणजे आठ दिवसांत चार वेळा पाणी घेऊनही वीस गुंठे डाळिंब दोन गुंठे घासापेक्षा थोडंच जास्त पितं.

आक्का आकडा दिनदर्शिकेच्या आजच्या चौकोनात लिहितात. मागच्या महिन्यांची पानंही फाडलेली नाहीत.

सकाळी ६.३०

दोन गाई. धार काढून तात्या किटली मोटरसायकलला अडकवतात. डेअरीवर फॅट बघतात, चिठ्ठी निघते. चौदा लिटर, लिटरला बत्तीस रुपये, ४४८ रुपये. यातून पेंडीचं पोतं, डॉक्टर, पेट्रोल. पेंडीच्या पोत्याला सोळाशे लागतात. घास दोन गुंठ्यांवर आणल्यापासून पेंड आणि कडबा जास्त लागतो. पूर्वी घास पाच गुंठे होता. एका पाण्याला अडीच टँकर जायचे. दोरी मोजायला लागल्यावर तो कमी केला.

सकाळी ८.००

शाळू उपटायला सहा बायका आल्या आहेत. चौघी मजुरीच्या, तीनशे रुपये रोज. दोघी सावडीच्या. आज त्या इथं आल्या, परवा आक्का त्यांच्या रानात जातील.

मालदांडी वाण. ताट कापत नाहीत, मुळासकट उपटतात. दोन्ही हातांनी बुडाशी धरायचं, कंबरेतून हिसका द्यायचा, मुळाची माती पायावर आपटून झाडायची. तळहाताला चिंध्या बांधलेल्या आहेत. रान सुकलेलं, जमीन कडक. एका ओळीच्या शेवटाला गेल्यावर बाई सरळ उभी राहते, कंबरेवर हात ठेवते, पुन्हा वाकते.

हे पीक ऑक्टोबरच्या सुरुवातीला पेरलं. परतीच्या पावसाची ओल खोल काळ्या रानात राहिली आणि त्या ओलीवर चार-साडेचार महिने उभं राहिलं. विहिरीचं पाणी याला पोटरीत असताना एकदाच दिलं. धान्य घरात, कडबा जनावरांना. माणदेशात शाळू टिकला तो यामुळे. खाणारी तोंडं दोन प्रकारची असतात, आणि हे पीक दोन्ही भरतं.

दुपारी १२.३०

बांधावरच्या लिंबाखाली जेवण. भाकरी, पिठलं, ठेचा, कांदा. मजुरीच्या बायकांची भाकरी त्यांची, कोरड्यास मालकिणीचं. एक तास विसावा.

पलीकडच्या माळावर एका शेजाऱ्याचं शेततळं आहे. काळा कागद उन्हात चमकतो. तीस बाय तीस मीटर, तीन मीटर खोल. भरलं की २२ लाख लिटरच्या आसपास. तात्यांना ते नको आहे. ओढ्याचं वाहून जाणारं पाणी त्यात भरलं तर सोनं, असं ते म्हणतात. पण हे भरतात विहीर उपसून. जमिनीच्या पोटातलं गार पाणी उन्हात ठेवायचं. भर उन्हाळ्यात दिवसाला आठ मिलिमीटर पाणी उडालं, तर एवढ्या तळ्यातून रोज सात हजार लिटर आभाळात जातं. तात्यांच्या बागेची दोन वेळची तहान.

दुपारी २.००

बायका पुन्हा ओळीला लागतात. तात्या ठिबकचा फिल्टर उघडतात. जाळीवर हिरवा शेवाळाचा थर. जुन्या ब्रशनं घासतात. मग एकेका नळीचं टोक उघडून बघतात. पाणी क्षाराचं आहे. ड्रिपरच्या तोंडाला पांढरं बसतं, ते बुजलं की झाड गप्प वाळतं.

ठिबकला अल्पभूधारक म्हणून ८० टक्के अनुदान मिळालं, पण आधी सगळे पैसे दुकानदाराला द्यावे लागले. अनुदान नंतर खात्यावर आलं. मधल्या महिन्यांचं व्याज कुणी मोजत नाही. आता सौर पंपासाठी अर्ज केला आहे. दहा टक्के स्वतःचे भरायचे. पंप आला तर रात्रीचं दारं धरणं सुटेल. आक्कांना वेगळी काळजी आहे. "दिवसभर फुकट मोटर चालली तर दोरी कोण मोजंल?"

दुपारी ४.००

दोनशे लिटरच्या पिंपात जीवामृत. दहा किलो शेण, दहा लिटर गोमूत्र, दोन किलो गूळ, दोन किलो बेसन, बांधाखालची मूठभर माती. गूळ-बेसनाचे तीनशे रुपये. तात्या काठीनं ढवळतात. आक्का मागच्या वर्षीचं काड आणि पाला डाळिंबाच्या बुडात पसरतात, वीतभर जाड. हात घालून बघितलं की फरक कळतो. झाकलेल्या मातीचा मुटका वळतो, उघड्या मातीची धूळ होते.

संध्याकाळी ६.००

मजुरीचे नऊशे रुपये तिघींच्या हातात. चौथी बाई पैसे न घेता ज्वारी मागते. तीनशे रुपयांची ज्वारी मोजून दिली जाते. त्यात आक्का वर एक ओंजळ टाकतात. पाठोपाठ दुसरी धार.

दोरी पुन्हा विहिरीत. सव्वाबारा. बारा तासांत अर्धा फूट, म्हणजे साडेसहा हजार लिटरच्या आत झरा भरला. दोन घरांचं आजचं उत्पन्न हे. मार्च-एप्रिलमध्ये ते आणखी उतरणार.

रात्री ८.००

आबा आणि त्यांचा पोरगा येतात. पोराला वीस गुंठे उन्हाळी मका करायची आहे, वैरणीला. बी आणलेलं आहे. आवाज वाढत नाहीत, पण कुणी चहाला हात लावत नाही.

आक्का दिनदर्शिका पुढं ठेवतात. वीस गुंठ्यांत सहा सेंटिमीटर पाणी बसवायचं तर एका वेळेला सव्वा लाख लिटर लागतं. विहिरीच्या साडेनऊ फुटांइतकं. विहिरीत आहे सव्वाबारा. दुसरं पाणी देताना दोन्ही घरांच्या बागा वाळतील.

"मग गाईंनी काय खायचं, काकी?" पोरगं विचारतं. प्रश्न खरा आहे.

तात्या म्हणतात, "दोन शेकडा कडबा आमच्यातनं ने. त्यानं विहिरीचं एकच पाणी प्यालंय. पुढच्या सुगीला फेड." आबा पोराकडं बघतात. पोरगं मान हलवतं. मका तीन गुंठे होईल, ठिबकवर. बाकीचं बी पावसाळ्यापर्यंत पिशवीत राहील.

पुरंदरच्या नायगावात १९७२ च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे यांनी पाणी पंचायत उभी केली, ती पाणी वाटून घ्यायच्या याच समजुतीवर. माणशी अर्ध्या एकराचं पाणी, उसाला पाणी नाही, आणि ज्याला जमीन नाही त्यालाही पाण्यात वाटा. हिवरे बाजारात पाऊस मोजून, पाण्याचा ताळेबंद मांडून पिकं ठरवतात. ते गावांनी केलं. इथं दोन घरांनी केलं.

रात्री १०.००

लाईट येते. आज पाळी आबांची.

कोरडवाहू मुलखात बी, खत आणि मोटर उधारीवर मिळते. झरा मिळत नाही. तेव्हा ज्याची विहीर आहे त्यानं एक दोरी घ्यावी, दर फुटाला गाठ मारावी आणि सकाळ-संध्याकाळ आकडा लिहावा. विहीर सामाईक असेल तर तो भावकीला मोठ्यानं वाचून दाखवावा. किती एकर पेरायचं ते त्यानंतर ठरवावं.