गोदाकाठचे दगड – ६ : कोट्याचा मासा

हैदराबादच्या नौबत पहाडावर बिर्ला मंदिर पाहून झालं की मुलं शेजारच्या सायन्स सेंटरकडे ओढू लागतात. तिथल्या डायनोसोरियममध्ये २००० सालापासून कोटासॉरस उभा आहे. त्याची हाडं यमनपल्लीच्या शेतांतून कशी निघाली ते गेल्या आठवड्यात सांगितलं. पण त्याच्या नावातलं ‘कोटा’ ज्या खडकाचं आहे, तो खडक डायनासोरच्या शंभराहून अधिक वर्षं आधी नावारूपाला आला, आणि तोही एका माशामुळे!

हे कोटा राजस्थानातलं नव्हे. आपल्या गडचिरोलीतल्या सिरोंच्याजवळ, प्राणहितेच्या काठी ते आहे. १८६० पर्यंत हा मुलूख निजामाच्या राज्यात होता. तिथल्या चुनखडीत सापडलेल्या माशाचं वर्णन १८५१ साली लंडनच्या जिऑलॉजिकल सोसायटीच्या त्रैमासिकात छापून आलं. लेख कर्नल साइक्सचा, वर्णन सर फिलिप एगर्टनचं. हा साइक्स म्हणजे दख्खनच्या नद्यांतले जिवंत मासे शास्त्रात नोंदवणारा. इथल्या माशांची गावरान नावं त्याने सरळ लॅटिनच्या पंगतीला बसवली. दख्खनचा महासीर आजही ‘टॉर खुद्री’ आहे. कोट्याच्या माशाला मात्र कुणा भोयाने हाक मारलेली नव्हती. त्याचं नाव पडलं लेपिडोटस डेक्कनेन्सिस, म्हणजे दख्खनचा खवलेवाला.

खवलेवाला म्हणायचं कारण आहे. रोहूचे खवले विळीवर सरसर निघतात; या माशापुढे विळी बोथट झाली असती. त्याचे खवले जाड, चौकटच्या आकाराचे, वरून दाताच्या लुकणासारखे चकाकणारे. शिवाय एकाची खुंटी दुसऱ्याच्या खाचेत बसलेली, मंगळुरी कौलं एकमेकांत अडकवावीत तशी. मांस कुजून गेलं तरी हे चिलखत सहज विस्कटत नसे. दगडात मासा अख्खा राहतो तो त्यामुळेच.

या कुळातल्या माशांचे दात गोल बटणांसारखे, कवचं फोडायला सोयीचे. युरोपात मध्ययुगात ते बेडकाच्या डोक्यातले मणी समजून, विषावर उतारा म्हणून अंगठीत बसवत. आपल्या नागमण्याला हा तिकडचा भाऊ मिळाला म्हणायचं.

पण माशाचं खरं काम वेगळंच. खडकावर तारीख लिहिलेली नसते. असेच मासे इंग्लंडच्या ज्युरासिक काळाच्या आरंभीच्या खडकांत ठाऊक होते, म्हणून कोट्याचा चुनखडकही तेवढाच जुना, ढोबळमानाने अठरा कोटी वर्षांचा धरला गेला. पुढे त्याच थरांतल्या बारीक कवचधारी जीवांवरून काहींनी तो थोडा अलीकडचा मानला. हा वाद मला आवडतो: डायनासोरचं वय शोधायला माणसं भिंगाखाली कण मोजतात!

गंमत अशी की युरोपातले यांचे भाऊबंद बरेचदा समुद्री खडकांत मिळतात. कोट्यात मात्र सोबत गोड्या पाण्यातल्या शेवाळाचे अवशेष सापडतात. तेव्हा इथे समुद्र नव्हता, तळं होतं. त्या तळ्यात सीलाकँथ नावाचा मासाही होता. सोहन लाल जैन यांनी १९७४ मध्ये त्याचं नाव ठेवलं इंडोसीलाकँथस रोबस्टस. आज सीलाकँथ फक्त खोल समुद्रात उरलाय, आणि त्याचा एक भाऊबंद सिरोंच्याच्या तळ्यात पोहत होता, हे मला तरी डायनासोरपेक्षा चक्रावून टाकणारं वाटतं.

लेपिडोटसच्या गोतावळ्यातला आजचा वारस म्हणजे अमेरिकेतला गार मासा, लांब जबड्याचा, तसल्याच चिवट खवल्यांचा. या गारचे जीवाश्म चंद्रपूरजवळच्या डोंगरगावातही मिळाले आहेत. वुडवर्ड या जीवाश्म-अभ्यासकाने १९०८ साली त्यांचं वर्णन केलं. म्हणजे गार इथे होता, मग नाहीसा झाला. आता तो पुन्हा येतोय, पण मत्स्यालयातून. हौसेने पाळलेला गार मोठा झाला की लोक तो तळ्यात सोडून देतात. २०२३ मध्ये श्रीनगरच्या दल सरोवरात असा एक सापडला, तेव्हा तिथले मत्स्यअधिकारी हबकले.

पुढच्या आठवड्यात मालेरीला जाऊ. तिथे अख्खा मासा नाही, नुसते दात आहेत. पण त्या दातांचा धनी हवेत श्वास घेत असे.