अगं, ही ती… कोण बरं?

कॉलेजच्या एकांकिकेचं कास्टिंग जाहीर होतं. लीड मिळालेली मंडळी कॅन्टीनमध्ये पार्टी देतात आणि ‘शेजारच्या काकू’ वाट्याला आलेली मुलगी तोंड पाडून बसते. आज खास तिच्यासाठी एक नाव: छाया कदम.

चेहरा डोळ्यांसमोर येत नाहीये? मग असं बघा. ‘सैराट’मध्ये (२०१६) हैदराबादच्या परक्या वस्तीत आर्ची-परश्याला आसरा देणारी अक्का आठवते? तीच. ‘फँड्री’तली (२०१३) जब्याची आई? तीच. ‘न्यूड’मध्ये (२०१८) चित्रकलेच्या विद्यार्थ्यांसमोर मॉडेल म्हणून बसणारी अक्का? तीही तीच!

छायाताई मूळच्या खेळाडू, राज्य पातळीवर कबड्डी खेळलेल्या. अभिनयाची वाट सापडली ती वामन केंद्रे यांच्या कार्यशाळेतून. मग रंगभूमी आणि त्यानंतर सिनेमा. तिथे बहुतेक वेळा रोल ठरलेले: कुणाची तरी आई, कुणाची तरी अक्का. पण एक गंमत करून बघा. ‘सैराट’मधून ती अक्का काढून टाका. घरातून पळून आलेल्या त्या दोघांचा संसार उभा राहील का? रोल छोटा असेल, पण गोष्ट तिच्यापाशी वळते.

२०२४ साल उजाडलं आणि चित्र पालटलं. मार्चमध्ये ‘लापता लेडीज’ आला. त्यात स्टेशनवर चहाचा स्टॉल चालवणाऱ्या मंजू माईने हरवलेल्या फूलला स्वतःच्या पायावर उभं राहायला शिकवलं. त्याच महिन्यात ‘मडगाव एक्सप्रेस’मध्ये छायाताई गँग चालवणारी कंचन कोंबडी बनून आल्या. दोन्ही बायका एकाच अभिनेत्रीने उभ्या केल्यात, हे अनेकांना पटकन कळलंही नाही.

मे महिन्यात त्या थेट ‘कान’ला पोचल्या. पायल कपाडिया यांच्या ‘ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट’मध्ये त्या हॉस्पिटलातल्या स्वयंपाकीण पार्वती आहेत. बिल्डर घर रिकामं करायला लावतोय आणि घर आपलं आहे हे दाखवायला हातात कागद नाही, अशी ही बाई. या सिनेमाने कानमध्ये ग्रां प्री पटकावलं. स्पर्धा विभागात भारतीय सिनेमा तब्बल ३० वर्षांनी पोचला होता. आणि तिथल्या रेड कार्पेटवर छायाताई कशा गेल्या? आपल्या आईची साडी आणि नथ घालून.

‘फँड्री’ ते कान हा अकरा वर्षांचा प्रवास आहे. या काळात प्रेक्षकांनी चेहरा लक्षात ठेवला, नाव मात्र विसरले. चूक आपलीही आहेच की! सिनेमा संपला, नावं वर सरकायला लागली की आपण मोबाइल काढतो.

तेव्हा काकूचा रोल मिळालेल्या मुली, रुसू नकोस. ही काकू घरी जाऊन काय करते, तिला कशाची भीती वाटते, हे लेखकाला विचार. त्याला सांगता आलं नाही तर तूच शोध. आणि आपण बाकीच्यांनी? पुढच्या वेळी नावं संपेपर्यंत दोन मिनिटं जास्त बसूया.