‘जिल्हा’ जोडणारी फाइल

तालुका हातकणंगले, जिल्हा कोल्हापूर. लग्नपत्रिका असो की दूध संस्थेचा वार्षिक अहवाल, इथल्या डीटीपीवाल्याच्या बोटांना ही ओळ पाठ असते. संगणकाला मात्र तिचे दोन तुकडे सारखे नाहीत. ‘तालुका हातकणंगले’त जोडाक्षर नाही, ऱ्हस्व वेलांटीही नाही, अक्षरे ओळीने मांडली की झाले. ‘जिल्हा’पाशी घोडे अडते. युनिकोडमध्ये आधी ज साठवला जातो, मग वेलांटी. दाखवताना ती जच्या अलीकडे आणावी लागते. पुढे ल, हलन्त आणि ह मिळून एक ल्ह घडवायचा असतो.

हे काम वर्डचे नाही की नोटपॅडचेही नाही. विंडोजवर ते वर्षानुवर्षे यूनिस्क्राइब करत आले, म्हणजेच यूएसपी१०.डीएलएल ही लायब्ररी फाइल. विंडोज २००० बरोबर देवनागरीचा आधार आला आणि ‘मंगल’ हा फॉन्टही आला. त्याची अक्षरे र. कृ. जोशींनी घडवलेली. आकार फॉन्टचे, पण कुठला आकार कुठे बसवायचा हा निर्णय लायब्ररीचा. ‘दर्या’ आणि ‘दऱ्या’ यांतला र वेगळा दिसायला हवा, हेही दोघांनी मिळूनच सांभाळायचे.

डीएलएलला स्वतःची खिडकी नसते. दुसरा प्रोग्राम तिला स्मृतीत बोलावतो आणि हवे ते काम करून घेतो. त्याच वेळी इतर दहा प्रोग्रामांनी तीच फाइल बोलावली, तरी तिच्यातल्या आज्ञांची स्मृतीतली प्रत बहुधा एकच राहते. १९८५च्या पहिल्या विंडोजपासून ही पद्धत आहे. आजही कर्नल३२, यूझर३२ अशा फायली नसतील तर विंडोज उभेच राहणार नाही.

इचलकरंजीच्या यंत्रमागधारकाला हे लगेच उमगेल. ताण्याला खळ द्यायची यंत्रणा प्रत्येक जण आपल्या शेडमध्ये बसवत नाही; सायझिंगवाल्याकडून तयार बीम आणतो. सोय मोठी, पण खळ बिघडली तर अनेकांच्या मागांवर तार तुटू लागते.

विंडोजमध्ये असे सर्रास होई. नव्वदच्या दशकात नवा प्रोग्राम बसवताना तो सिस्टीम फोल्डरमधल्या सामाईक फाइलवर आपली प्रत चढवायचा, कधी कधी जुनीच. कालपर्यंत चालणारे दुसरेच सॉफ्टवेअर मग बंद पडे. या गोंधळाला प्रोग्रामर मंडळी ‘डीएलएल हेल’ म्हणत. विंडोज २०००ने सिस्टीम फायलींवर पहारा बसवला. २००१च्या एक्सपीने एकाच फाइलच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवायची सोय केली. माझ्या मते ही शरणागतीच होती: वाटून घेण्यातली बचत सोडली, तेव्हा शांतता मिळाली.

मराठीची तऱ्हा आणखी निराळी. इंग्रजी एक्सपीवर देवनागरी हवी तर कंट्रोल पॅनेलमध्ये जाऊन एका चौकटीत खूण करावी लागे, शिवाय सीडी हाताशी हवी. ऑफिस यूनिस्क्राइबची स्वतःची प्रत घेऊन येई. त्यामुळे एकाच संगणकावर तोच शब्द एका प्रोग्राममध्ये नीट आणि दुसऱ्यात मोडका दिसू शके. मोडतोड दिसली की गिऱ्हाईक फॉन्टला दोष देई.

डीटीपीवाले या फंदात पडले नाहीत, याचे नवल वाटू नये. पुण्याच्या मॉड्युलर इन्फोटेकची श्रीलिपी किंवा सी-डॅकचे आयएसएम घेतले की अक्षरांचे तुकडे फॉन्टमध्येच इंग्रजी अक्षरांच्या जागी बसलेले असत. पेजमेकरच्या लेखी ती इंग्रजी अक्षरेच, जोडणीचा प्रश्नच नाही. पेजमेकर शेवटपर्यंत युनिकोड शिकला नाही आणि त्याचे या दुकानांत फारसे अडलेही नाही. अडले ते मजकूर दुसरीकडे नेताना. फॉन्ट बदलला की अहवालाचा नुसता चिवडा.

आता लिब्रेऑफिस, क्रोम, फायरफॉक्स आणि अँड्रॉइड हेच काम हार्फबझ या मुक्त लायब्ररीकडून करून घेतात. लिनक्सवर अशा फायलींच्या नावात डीएलएलऐवजी ‘एसओ’ असते.

‘एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडत नाही’ असा संदेश मात्र अजूनही येतो. तेवढीच फाइल कुठल्या तरी अनोळखी साइटवरून उतरवून फोल्डरमध्ये टाकणे हा सर्वांत वाईट उपाय. तिच्यासोबत व्हायरस येऊ शकतो. मायक्रोसॉफ्टचा व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल संच बसवावा. प्रोग्राम ३२ बिटचा असेल तर ६४ बिटच्या विंडोजवरही ३२ बिटचाच संच लागतो. आणि तिथे ३२ बिटच्या फायली राहतात सिसवाव६४मध्ये, ६४ बिटच्या सिस्टीम३२मध्ये.